लग्न कोल्हापुरात, करवली सिॲटलला: इथून काय काय करता येईल?

सागरगोटा

नमस्कार मंडळी,

माझ्या शाळेपासूनच्या मैत्रिणीचं फेब्रुवारीत कोल्हापुरात लग्न आहे. तिला इथे जाई म्हणू. जाई एकुलती एक. चुलत-मावस बहिणी आहेत, पण एक दहावीला आणि दुसरी ओली बाळंतीण, त्यामुळे "करवली तूच" असं तिने साखरपुड्याच्याही आधी जाहीर करून टाकलं होतं.

मी अमेरिकेत एच-१बी वर, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर आहे. पासपोर्टवरचा व्हिसा संपलाय. इथे राहायला आणि काम करायला त्याने काही अडत नाही, पण एकदा देशाबाहेर पडलं की परत यायला नवा स्टॅम्प लागतो, आणि त्याची अपॉइंटमेंट लग्नाच्या आसपास मिळत नाहीये. नोकरी पणाला लावून ये असं जाईच म्हणत नाही. तेव्हा मी जात नाहीये हे पक्कं आहे. त्यावर कृपया चर्चा नको, घरच्यांनी ती पुरेशी केली आहे.

काकूंचं (जाईच्या आईचं) गुडघ्याचं ऑपरेशन दिवाळीनंतर झालं. त्या काठी घेऊन घरात फिरतात, पण बाजारहाट नाही. काका भला माणूस, मात्र "होईल गं सगळं" या पक्षाचे. जाई बँकेत, रजा मोजून मापून. रोज रात्री तिचा फोन येतो. कधी हॉलवाला, कधी साड्या, कधी सासरच्या यादीत वाढलेली माणसं. मी ऐकते, दोन शब्द बोलते आणि फोन ठेवल्यावर आपण नक्की कशाला आहोत असं वाटत राहतं.

तर जाणकारांनो, इतक्या लांबून नवरीला खरोखर उपयोगी पडेल असं काय करता येतं? आणि लग्नाच्या दिवशी स्क्रीनसमोर नुसतं बसून डोळे पुसायचे नसतील तर काय?

खडूस_काका

करवलीच नाही तर करा कोण धरणार? एखाद्या बहिणीला गाठून म्हणावं, "आता तूच करा!"

चला, धाग्यातली पहिली कोटी माझी. हलकेच घ्या.

मोगरा२२

काका :D

सागरगोटा, मी डब्लिनहून माझ्या आतेबहिणीच्या लग्नात हे केलंय. माझं मत: ज्या कामाला घरात कुणी हात लावत नाही ते एक काम उचल, आणि उचललंस की पूर्ण तुझं. "काही मदत हवी का गं?" हा प्रश्न विचारूच नकोस. नवरीला त्याचंही उत्तर शोधत बसावं लागतं.

मी आमंत्रणांची यादी घेतली होती. ऐकायला सोपं वाटतं. मामाच्या वहीत एक यादी, आत्याच्या डोक्यात दुसरी, आणि काकांच्या मोबाईलमध्ये "पाटील नवीन", "पाटील जुने", "पाटील गॅस" अशी नावं. सगळं एका शीटमध्ये घेतलं: नाव, गाव, नातं, पत्रिका घरी नेऊन द्यायची की फोन पुरेसा, जेवायला किती, मुक्कामाला किती, आहेर काय. या शेवटच्या रकान्याने घरातली निम्मी भांडणं वाचवली. कुणाला साडी, कुणाला ब्लाउजपीस, कुणाला टॉवेल-टोपी, हे एकदा लिहून झालं की आयत्या वेळी "अगं त्यांना राहिलंच" असं होत नाही. मुक्कामाच्या आकड्यावरून खोल्या ठरल्या, जेवणाच्या आकड्यावरून ताटं.

तुझ्या बाबतीत तर घड्याळही मदतीला आहे. आता हिवाळ्यात सिॲटल भारताच्या साडेतेरा तास मागे, म्हणजे तिकडे सकाळी साडेदहाला कार्यालयाचं ऑफिस उघडतं तेव्हा तुझे रात्रीचे नऊ. जेवून मोकळी असशील. जाई तेव्हा कॅश काउंटरला अडकलेली असते, कार्यालयाच्या मॅनेजरला फोन तू लाव.

तिरफळ

मोगरा, प्रेमाने असहमत.

मी नवरी असताना माझ्या लंडनच्या मैत्रिणीने असंच "एक काम" घेतलं होतं. मग दोन झाली, मग वेळापत्रक आलं, रंगीत. सकाळी उठले की मेसेज: "मेंदीवालीला ॲडव्हान्स दिलास? ✓ करशील का?" सासूबाई अजून मिळायच्या होत्या, त्याआधीच एक मिळाली. माझ्या आईला तर ती कोण आहे हेच कळेना. आई म्हणाली, ही लग्नाला येणार नाही ना नक्की?

मला तिच्याकडून हवं होतं ते एवढंच की रात्री अर्धा तास लग्न सोडून कशावरही बोलावं. कामं करणारे मांडवात शंभर असतात. "मला आज सगळ्यांचा वीट आलाय" हे ज्याला सांगितलं तर ते आत्याबाईंपर्यंत पोचणार नाही, असं माणूस एकच असतं, आणि ते लांब असलं तर उलट बरं.

मोगरा२२

तिरफळ, रंगीत वेळापत्रक वाचून हसले. पण कामं करणारे शंभर असतात हे तुमच्याकडे. जाईकडे गुडघा आणि "होईल गं सगळं" आहेत. ऐकून घेणारे कान तिला आहेतच, सागरगोटा रोज ऐकतेय. मॅनेजरला फोन कुणी करायचा?

डोंगरवाट

वाचतेय. बहिणीचं मेमध्ये आहे, मी मेलबर्नला.

पन्हाळगडी

ताई, मी कोल्हापूरचाच. कार्यालय कुठलं ते व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, जाऊन बघून येतो. काय टेन्शन घेऊ नका.

कार्यालयवाल्याला विचारायच्या गोष्टी सांगतो, दोन बहिणींची लग्नं काढलीत. ताटाचा दर विचारतातच सगळे, कमीत कमी किती ताटांचे पैसे लावणार ते विचारत नाहीत. पाचशे बोललात आणि चारशे आले तर कुणाचं नुकसान, ते आधी ठरवा. जनरेटर भाड्यात आहे का डिझेल वेगळं. आदल्या दिवशी किती वाजता ताबा आणि दुसऱ्या दिवशी किती वाजता सोडायचं. आमच्या थोरलीच्या वेळेला सहाला हॉल सोडायचा होता आणि पावणेसहाला पाठवणी चालू. तिकडं पोरगी रडत्या आणि इकडं माणसं खुर्च्या गोळा करत्यात. वरच्या मजल्यावर खोल्या असतील तर लिफ्ट चालू आहे का, हे काकूंसाठी नक्की विचारा. आणि नवरीच्या खोलीला आतून कडी आहे का. हसू नका, आमच्याकडं नव्हती.

हे सगळं फोनवर विचारून व्हॉट्सॲपवर लिहून घ्या. तोंडी काय खरं नसतंय.

सागरगोटा

पन्हाळगडी, व्यनि केलाय. खूप आभार! कडीचा मुद्दा मला सुचला नसता.

मोगरा आणि तिरफळ, दोघींचं पटतंय, त्यामुळे अजून गोंधळ. काल जाई साड्यांच्या दुकानातून व्हिडिओ कॉलवर होती. मी "हीच घे" म्हटलेली साडी घरी नेल्यावर वेगळ्याच रंगाची निघाली. माझ्याकडे मोरपंखी दिसत होती, काकू म्हणतात सरळसरळ निळी आहे.

शिवणयंत्र

अहाहा, माझ्या प्रांतातला विषय आला. ब्लाउज शिवते, नवऱ्या रोज बघते, म्हणून जरा लांबण लावते.

दुकानातल्या पांढऱ्या दिव्याखाली मोरपंखी, चिंतामणी, वांगी, डाळिंबी या रंगांवर मोबाईलच्या कॅमेऱ्याचा विश्वास धरू नये. कॅमेरा पांढरं काय ते स्वतःच ठरवतो आणि बाकीचे रंग त्याप्रमाणे सरकवतो. साडीवर एक कोरा पांढरा कागद ठेवून दोन्ही एकत्र दाखवायला सांग. कागद निळसर दिसला तर साडीचाही रंग खोटा. त्याहून सोपं म्हणजे पदर दुकानाच्या दारात उजेडात न्यायला सांगायचं. दुकानदाराला सवय असते, कुणी रागावत नाही. आणि काठ हवा असेल तर काठाचा जवळून स्थिर फोटो, कॉलवरच्या चित्रावरून जरीचं काही कळत नाही.

पण लांबून खरी मदत साडीत नाहीच, ब्लाउजात आहे. लग्नाच्या चार ब्लाउजांत एक तरी चुकतो. माझ्याकडे डिसेंबरात टाकलेलं जानेवारीअखेर मिळतं, फेब्रुवारीत येणाऱ्यांना मी हात जोडते. जाईला सांग: आधी एकच शिवून घ्यायचा, घालून बघायचा, हात वर करून बघायचा. अक्षता पडताना हार घालायला हात वर जातात, तेव्हा काखेत ओढ बसली की संपलं. मग बाकीचे त्याच मापावर. आणि लग्नाच्या ब्लाउजला आत दोन्ही बाजूंना निदान इंचभर माया सोडायला सांगायची. नवऱ्या शेवटच्या महिन्यात एक तर केळवणं खाऊन भरतात नाही तर धावपळीने उतरतात.

हुक पुढे की मागे, तेही आधी ठरवा. काकूंना वाकून-उभं राहून मागचे हुक लावता येणार नाहीत. खोलीत त्या वेळी कोण असेल?

बटरबिस्कुट

धागा ब्लाउजच्या मायेवर गेलेला आहे याची संपादकांनी नोंद घ्यावी.

शिवणयंत्र

माया सुटली की सगळंच फाटतं हो, बिस्कुट.

वेदशास्त्री_निवृत्त

विषय करवलीचा आहे म्हणून दोन शब्द. पंचवीसेक वर्षं लग्नं लावली, आता मुलगा लावतो.

करवलीचं काम थोडक्यात असं. वधू-वरांच्या मागे त्यांच्या त्यांच्या करवल्या उभ्या राहतात, एकीच्या हातात करा, म्हणजे पाणी, आंब्याची पानं, वर नारळ असलेला तांब्या, आणि शक्य असेल तर दुसरीच्या हातात दिवा. मंगलाष्टकं होऊन अंतरपाट दूर झाला की त्या कऱ्यातलं पाणी वधू-वरांच्या डोळ्यांना लावतात. एवढ्यासाठी माणूस प्रत्यक्ष हवं, ते कुणालाही करता येतं. दहावीतली बहीण तासभर उभी राहिली म्हणून पेपर बुडत नाही.

मात्र करवली हे त्या तासाभराचं काम कधीच नव्हतं. पूर्वी ती नवरीच्या पाठीला पाठ लावून असायची. गौरीहराशी नवरी एकटी बसते, सकाळपासून पोटात काही नाही, डोक्यावर मुंडावळ्या. तिला पाणी कोण देतं, पदर कोण सारखा करतं, "अजून पंधरा मिनिटं आहेत" हे कोण सांगतं? गुरुजी सांगत नाहीत, त्यांना मुहूर्ताची घाई. ते माणूस आधी नेमून ठेवा. नेमलं नाही तर प्रत्येकजण दुसरं कुणी असेल असं समजतं आणि नवरी कोरड्या घशाने बसून राहते.

विदर्भकन्या

शास्त्रीबुवा, नमस्कार. आमच्याकडे करवलीचा मान बहिणीचाच, मैत्रिणीला करवली केलं तर आत्या-मावशा वर्षभर बोलतील. चालतं का असं?

वेदशास्त्री_निवृत्त

शास्त्रात अडचण नाही, मानपानात आहे. मानाची साडी बहिणीला द्या आणि काम मैत्रिणीला द्या. दोघीही खूश.

खडूस_काका

पंचवीस वर्षांचा अनुभव तो हाच.

ध्वनिवर्धक

लाइव्ह प्रक्षेपणाबद्दल कुणी बोललं नाही म्हणून. कार्यालयांत साउंड आणि व्हिडिओचं काम करतो. परदेशातली माणसं लग्न बघायला बसतात आणि त्यांना दिसतं ते म्हणजे फोटोग्राफरची पाठ. कारणं नेहमीची.

एक, कार्यालयातलं नेटवर्क. रिकाम्या हॉलमध्ये छान चालतं, तीनशे मोबाईल आत आले की बसतं. जो सिम त्या हॉलमध्ये चांगला चालतो त्याचा वेगळा डोंगल ठेवायचा आणि त्याचा पासवर्ड कुणालाही द्यायचा नाही. विशेषतः नवरदेवाच्या मित्रांना.

दुसरं, यूट्यूबवर करणार असाल तर नवीन चॅनेलला लाइव्ह पहिल्यांदा सुरू व्हायला २४ तासांपर्यंत लागू शकतात, आणि मोबाईलवरून करायचं तर चॅनेलला निदान ५० सदस्य लागतात. लग्नाच्या सकाळी हे कळलं की नवरीच्या भावाला पन्नास लोकांच्या मागे "सबस्क्राइब कर" म्हणत फिरावं लागतं. शिवाय मागे सिनेमातली गाणी लागली तर हक्कांच्या कारणाने प्रक्षेपण मध्येच थांबू शकतं. मंगलाष्टकं गुरुजींची असतील तर प्रश्न नाही, रेकॉर्डेड गाणी जपून. फुकटचं झूम म्हणाल तर ४० मिनिटांची मर्यादा. आपल्याकडच्या मुहूर्ताला "आलो, आलो" मध्येच ४० मिनिटं जातात.

तिसरं आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे आवाज. मोबाईल हॉलच्या मागे ठेवला की फक्त कालवा ऐकू येतो. साउंडवाल्याला आदल्या दिवशी सांगितलं तर तो मिक्सरमधून थेट वायर देतो. पाच मिनिटांचं काम आहे, पण आधी सांगावं लागतं.

आणि सागरगोटा, तुम्ही सगळ्यांसारखं प्रक्षेपण बघत बसू नका. स्टेजवरच्या एका विश्वासू माणसाच्या फोनवर तुमचा वेगळा कॉल लावा, इअरफोनसकट. तुम्हाला दिसतं, तुम्ही त्याच्या कानात बोलू शकता. नवरीला पाणी द्या, हे सिॲटलहून सांगता येतं.

तिरफळ

नवरीला पाणी द्या हे सिॲटलहून सांगणारी करवली! मला हे फार आवडलंय. माझे शब्द थोडे मागे.

मांडवी_काठ

गोव्याहून. आमच्या ख्रिस्ती लग्नांत नवरीबरोबर तिच्या सख्या असतातच, आणि लग्नाच्या आधी घरी रोस असतो, नवरीला नारळाचा रस लावून न्हाऊ घालतात. तुमच्या हळदीसारखंच, पण जास्त चिकट. माझी मैत्रीण कुवेतला नर्स, रजा मिळाली नाही. तिने रोसच्या दिवसासाठी आवाजात एक निरोप पाठवला होता, व्हिडिओ नव्हे. सगळे अंगाला रस फासून बसलेले, मोबाईलला हात लावायची सोय नाही, स्पीकरवर तिचा आवाज. शाळेतल्या आमच्या भानगडी सांगत सुटली, माझ्या सासऱ्यांसमोर. तेव्हा तिला मारावंसं वाटलं होतं.

तर आवाज पाठव. हळदीच्या वेळी लावायला सांग. पण पाठवण्याआधी कुणाकडून तरी तपासून घे.

एक_साक्षीदार

आमचं नोंदणी पद्धतीने, विशेष विवाह कायद्याखाली (१९५४ चा). नोटीस दिली, तीस दिवस थांबलो, तीन साक्षीदार घेऊन गेलो. करवली नाही, करा नाही, ब्लाउजची माया नाही.

तरी मैत्रिणीने लांबून एक काम केलं ते सांगतो. बायकोची कागदपत्रं: जन्मतारखेचा दाखला, पत्त्याचा पुरावा, फोटो, सगळ्यांवर नाव एकसारखं आहे का हे तिने बसून तपासलं. आधारवर एक स्पेलिंग, पासपोर्टवर दुसरं निघालं. वैदिक लग्न झालं तरी पुढे नोंदणी करायचीच असते, तिथेही साक्षीदार, लग्नपत्रिका, फोटो आणि लग्न लावणाऱ्या गुरुजींची सही लागते. गुरुजी लग्नानंतर आठ दिवसांनी सापडत नाहीत. सही त्याच दिवशी घ्या. हे काम सागरगोटाने घ्यावं, कारण घरात त्या दिवशी हे कुणाच्याही डोक्यात नसेल.

वेदशास्त्री_निवृत्त

गुरुजी सापडतात. दक्षिणा राहिलेली असली की नक्की सापडतात.

मोगरा२२

भेटवस्तूंबद्दल एक राहिलं. परदेशातून पार्सल पाठवू नकोस. भेट म्हणून आलेल्या पार्सलला पूर्वी ५००० रुपयांपर्यंत सूट होती, ती २०१९ च्या डिसेंबरात काढली. आता ड्युटी आणि वर कस्टमची चिठ्ठी, नवरीला डोक्याला ताप. तिथलंच काही तिथून घे.

पन्हाळगडी

चांदीचं घ्यायचं तर हुपरी जवळच आहे, जोडवी-पैंजणाचं गावच ते. नाहीतर कोल्हापुरातच गुजरीत, सराफ बाजारात जा म्हणावं. ताई, करवलीकडनं एक लहानसा चांदीचा करा दिला तर लय भारी दिसेल. रुखवतात ठेवता येतोय.

काल संध्याकाळी कार्यालय बघून आलो. लिफ्ट आहे, चालू आहे. नवरीच्या खोलीला कडी आहे, पण पडदा नाही आणि खिडकी थेट पार्किंगवर. पडद्याचं मॅनेजरला बोललोय. जनरेटरचं डिझेल वेगळं लावणार, आकडा व्यनि केलाय.

सागरगोटा

पन्हाळगडी दादा, काय बोलू! जाईच्या बाबांना सांगितलं तर म्हणाले, "बघ, होईल म्हटलं होतं ना."

ताकभात

सगळं वाचलं. एक विचारू? यात नवरदेव कुठे आहे? मैत्रीण सिॲटलहून जनरेटरचं डिझेल बघतेय, अनोळखी पन्हाळगडी कडी बघतोय, आणि ज्याचं लग्न आहे तो?

खडूस_काका

तो डोंगलचा पासवर्ड मागतोय.

सागरगोटा

हाहा. नाही हो, तो बरा आहे. पुण्यात असतो, त्याच्याकडचे पाहुणे आणि गुरुजी त्याने घेतलेत. पण ताकभात, तुमच्या प्रश्नावर मी काल जाईशी बोलले. तो रोज विचारतो, "मी काय करू?", आणि ती "काही नाही" म्हणते. मग मला फोन करून तासभर रडते की कुणी काही करत नाही. मी म्हटलं, मला सांगतेस ती यादी त्याला वाचून दाखव. सीमांतपूजनाचं जेवण आणि वरातीची गाडी आता त्याच्याकडे गेलीय. आमचा कालचा फोन अर्ध्या वेळात आटोपला, उरलेल्या वेळात शाळेतल्या गणिताच्या बाईंची नक्कल केली.

तिरफळ

मी हेच तर म्हणत होते!

चिंचगुळ

उशिरा लिहितेय, धागा आजच दिसला.

माझं लग्न होऊन दोन वर्षं झाली, नाशिकहून नागपूरला आले. लग्नाच्या आधी फोन थांबत नव्हता. लग्नानंतर पूजा, गोंधळ, देवदर्शन होईपर्यंत घर भरलेलं होतं. मग सगळे आपापल्या गावी गेले, नवरा कामावर गेला आणि मी एका अनोळखी स्वयंपाकघरात मिठाचा डबा शोधत उभी. फोन कुणाचाच नाही. सगळ्यांना वाटतं, आता तिचा संसार, आता कशाला मध्ये. आईलाही तसंच वाटतं. माझी एक मैत्रीण होती दुबईत, लग्नाला आली नव्हती. तिचा फोन त्या दिवसांत रोज सकाळी यायचा. काही विशेष बोलणं नाही, "आज काय केलंस जेवायला" एवढंच. लग्नात कोण आलं, कुणी काय धरलं, अर्धं विसरले मी. सागरगोटा, तू लग्नाचा आठवडा रजा घेणार असशील तर घे, पण एक-दोन दिवस नंतरसाठी राखून ठेव.

आणि हो, केळवण लांबूनही करता येतं. तिच्या गल्लीतल्या एखाद्या पोळीभाजीवाल्या मावशींना गाठ, ताट वाढून घरी पोचवायला सांग. तिकडची कार्डं इथल्या ॲपवर चालतीलच असं नाही, त्यापेक्षा भावाकडून यूपीआय करून घे.

शिवणयंत्र

चिंचगुळ +१.

केळवणाचं ताट ब्लाउजची ट्रायल झाल्यानंतर पाठवावे, ही विनंती.

पन्हाळगडी

केळवणाला तांबडा-पांढरा पाहिजे असेल तर मावशींचा नंबर देतो. काकूंना विचारा आधी, पौषात मटण चालत नाही काही घरांत.

सागरगोटा

तर आत्तापर्यंत ठरलेलं सांगते. मॅनेजर आणि ताटांचा आकडा माझ्याकडे. आहेराचा रकाना मोगराकडून उचललाय, काकूंनी खुर्चीत बसून फोनवर नावं सांगितली, मी भरली, काकू जाम खूश. त्यांना इतके दिवस "तू आराम कर" शिवाय कुणी काही सांगितलंच नव्हतं. करा दहावीवाली बहीण धरणार, मानाची साडीही तिलाच. नवरीच्या खोलीत पाणी, सेफ्टीपिना आणि मागचे हुक यासाठी जाईच्या ऑफिसातली मैत्रीण नेमलीय, तिच्याच फोनवर माझा कॉल. मुहूर्त सकाळी अकराच्या पुढे, म्हणजे माझी आदल्या दिवशीची रात्र साडेनऊ. ऑफिसच्या कॅलेंडरवर मी चुकीची तारीख टाकली होती ती नवऱ्याने पकडली. गुरुजींची सही, नोंदणीचे कागद माझ्या यादीत. लग्नानंतरचा सोमवार-मंगळवार रजा टाकलीय, चिंचगुळ.

हळदीचा आवाज रेकॉर्ड करतेय. तपासायला जाईच्या बाबांना देऊ नये एवढं कळलंय.

ध्वनिवर्धक, एकच शंका: लाइव्हची लिंक कुणालाही सापडू नये म्हणून प्रायव्हेट ठेवायची का?

ध्वनिवर्धक

प्रायव्हेट नको. त्यात प्रत्येकाचा ईमेल टाकून परवानगी द्यावी लागते, गावच्या आजोबांना ते जमणार नाही आणि मुहूर्ताला सगळे तुम्हालाच फोन करतील. अनलिस्टेड ठेवा: शोधून सापडत नाही, लिंक असेल त्याला दिसतं. कमेंट बंद करा. आणि हळदीला दहा मिनिटं चालवून बघा, तेव्हा आवाज आला तर लग्नात येईल.

डोंगरवाट

अनलिस्टेड. लिहून घेतलं. शास्त्रीबुवा, मेमधल्या लग्नात दिवा कुणी धरायचा, एसी हॉल आहे, वारा लागून विझतो म्हणे?